काहीही शोधलं तरी 'तमिळ'च का येतं?

बुचकळ्या | शनिवार, रात्री ९:४२

आमचे बाबा एकाहत्तर वर्षांचे. एक मराठी सिनेमा त्यांचा थिएटरात बघायचा राहिला. मी ऑफिसात असताना त्यांनी फोनवर सिनेमाचं नाव आणि पुढे 'फुल मूव्ही' असं टाकलं. जे पान उघडलं त्यावर सिनेमाचं पोस्टर, त्याखाली चार हिरवी 'डाउनलोड' बटणं आणि वर मोठ्या अक्षरात 'तमिळ' अमुकतमुक. बाबांनी चारही बटणं श्रद्धेने दाबली.

सिनेमा आला नाही. त्या रात्रीपासून फोनवर दर दहा मिनिटांनी 'तुमच्या फोनमध्ये १३ व्हायरस आहेत' आणि रमीच्या जाहिराती यायला लागल्या. आईला वाटलं बाबा पत्ते खेळायला लागले.

मी साफसफाई करत होतो तेव्हा बाबांनी विचारलं, "मराठी सिनेमा तमिळ लोकांकडे कसा गेला रे?"

मला उत्तर देता आलं नाही. मग मीही शोधून पाहिलं. हिंदी सिनेमा, इंग्रजी मालिका, अगदी नाटकाचं नाव टाकलं तरी कुठे ना कुठे 'तमिळ' चिकटलेलं. ही सगळी पानं खरंच तमिळ लोकांची आहेत का? नसतील तर हेच नाव का?

लिंका देऊ-मागू नका. चालू साइटींची नावंही नकोत, संपादक धागा उडवतील.

रिकामटेकडी | ९:५१

रुमाल टाकून ठेवते. बाबांना साष्टांग दंडवत.

कोकणकडा | ९:५८

रजनीकांत मूळचा गायकवाड, म्हणजे आपलाच. तेव्हा माल घरातच आहे. :)

रिकामटेकडी | १०:०१

आला. सातव्या मिनिटाला आला. मी दहाव्याची पैज लावली होती.

शेवगा | १०:३०

चौदा वर्षं चेन्नईत आहे, म्हणून लिहिते.

ज्या नावाचं हे सगळं शेपूट आहे ते 'तमिळरॉकर्स'. (हे नाव घ्यायला हरकत नसावी, मूळ साइट कधीच गेली.) २०११ च्या आसपास सुरू झाली. 'तमिळ' नावात आलं कारण गिऱ्हाईक तमिळ होतं, इतकं साधं. नवे तमिळ सिनेमे, मग तमिळमध्ये डब केलेले इंग्रजी, मग मल्याळम, तेलुगू, हिंदी. दुकान वाढलं, पाटी तीच राहिली. पुण्यातल्या एखाद्या 'मद्रास कॅफे'त पावभाजी मिळते तसं.

तिच्या बरोबरीने आणखी डझनभर आल्या. तमिळ येत नसेल तर ती नावं मंत्रासारखी वाटतात, पण अर्थ अगदी घरगुती. 'इसै' म्हणजे संगीत. त्या नावाच्या जागा मुळात गाणी उतरवून घेण्यासाठीच्या. 'कुट्टी' म्हणजे छोटं, पिल्लू. डेटा महाग होता तेव्हा साध्या फोनवर मावेल अशी छोटी फाईल, म्हणून कुट्टी. माझी कामवाली अक्का अजूनही लहान स्क्रीनवरच्या सिनेमाला 'कुट्टी पडम्' म्हणते.

मार्च २०१८ मध्ये विळुप्पुरम आणि तिरुनेलवेली भागातून काही जणांना अटक झाली. अटक केली केरळ पोलिसांनी, त्यावरून इथे बरेच विनोद झाले. २०२० च्या ऑक्टोबरात मूळ साइट बंद पडली. तेव्हापासून ती पाटी बेवारस आहे, कुणीही उचलतो आणि आपल्या टपरीला लावतो. बाबांनी ज्यावर बोट ठेवलं ते बहुतेक असंच. त्यात तमिळ माणूसही नाही आणि सिनेमाही नाही.

माटुंगा_रोड | १०:४४

+१. त्या नावावर एव्हीएम या चेन्नईच्या जुन्या स्टुडिओने मालिकासुद्धा काढली की, २०२२ मध्ये, सोनी लिव्हवर. शेवटी 'झेड' लावून.

कोकणकडा | १०:४६

कुठे बघितलीत? ;)

माटुंगा_रोड | १०:४७

पैसे भरून. इनो घ्या.

डिजिटल_हमाल | ११:३५

धागाकर्त्यांच्या 'हेच नाव का' या प्रश्नाचं अर्धं उत्तर माझ्याकडे आहे, आणि ते सांगायला लाज वाटते.

मी तीन वर्षं एका बातम्यांच्या पोर्टलवर होतो. नाव सांगत नाही. दर शुक्रवारी एक बातमी ठरलेली: 'अमुक सिनेमा तमिळरॉकर्सवर लीक, निर्मात्यांना फटका.' साचा तयार असायचा. गुरुवारी रात्री फक्त सिनेमाचं, हिरोचं आणि दिग्दर्शकाचं नाव बदलायचं. सिनेमा खरंच लीक झालाय का, हे तीन वर्षांत एकदाही कुणी तपासलं नाही. काही वेळा सकाळचा पहिला खेळ सुरू व्हायच्या आधी आमची बातमी लागलेली असायची.

शीर्षकात 'फुल एचडी', 'फ्री डाउनलोड' हे शब्द हवेच, कारण लोक तेच टाकतात. शेवटच्या परिच्छेदात 'पायरसी हा गुन्हा आहे, आम्ही तिचं समर्थन करत नाही'. म्हणजे माथ्यावर चोराचा पत्ता आणि पायथ्याशी उपदेश.

हे करणारे आम्ही एकटे नव्हतो, मोठमोठी नावं होती. हजारो बातम्यांत सिनेमाचं नाव आणि 'तमिळरॉकर्स' शेजारी शेजारी छापले गेले. सर्च इंजिनाला वाटणारच की या दोघांचं लग्न झालंय. सापळा लावणाऱ्यांनी नंतर फक्त तयार वाट वापरली. ती पानं माणूस बनवतच नाही. येऊ घातलेल्या सिनेमांची यादी प्रोग्रामला द्यायची, तो प्रत्येकासाठी ४८०पी, ७२०पी, १०८०पी असं पान काढतो. पोस्टर खरं, बटण खोटं. बटण दाबलं की जाहिरात, नोटिफिकेशनची परवानगी, नाहीतर एखादी एपीके फाईल, म्हणजे फोनवर बाहेरून अ‍ॅप घुसवणारी. सिनेमा चोरायचीही तसदी नाही.

तुरटी | ११:४२

म्हणजे चोराला वाटा दाखवणारे तुम्हीच. आणि आता इथे येऊन प्रामाणिकपणाचं प्रमाणपत्र?

डिजिटल_हमाल | ११:४९

प्रमाणपत्र नको. अठरा हजार पगार होता, नोकरी सोडायला तीन वर्षं लागली. बाकी तुमचं बरोबर आहे.

रिकामटेकडी | ११:५०

पण गूगल हे दाखवतंच कसं?

डिजिटल_हमाल | रविवार, १२:१०

उपाय करतात. २०११ च्या सुरुवातीला 'टोरंट'सारखे शब्द आपोआप सुचवणं बंद केलं. २०१२ पासून ज्या साइटीविरुद्ध तक्रारी जास्त, ती निकालात खाली ढकलतात. गंमत इथेच आहे: तक्रारी होतात खऱ्या चोराच्या, कारण त्याच्याकडे माल असतो. ज्याच्याकडे मालच नाही त्याच्याविरुद्ध निर्माता कसली तक्रार करणार? म्हणून खरा खाली जातो आणि तोतया वर राहतो.

तंजावरकर | सकाळी ७:२०

आमचं घराणं तीनशे वर्षं तंजावरात. घरात मराठी बोलतो, तमिळ दाराबाहेर. मराठी लिहिण्यात चूक झाली तर समजून घ्या.

हा धागा वाचून थोडं दुखलं, थोडं हसू आलं. मुंबईला भाच्याच्या मित्राला मी तमिळनाडूचा असं कळलं तर तो म्हणाला, "अंकल, तमिळ म्हणजे ते डाउनलोडवाले?" ज्या भाषेत तिरुक्कुरळसारखा प्राचीन ग्रंथ लिहिला गेला तिची ही ओळख!

पण चोरी आमच्याकडे नवी नाही हेही कबूल करतो. इंटरनेटच्या आधी 'तिरुट्टु विसीडी' होती. तिरुट्टु म्हणजे चोरीची. चेन्नईत बीच स्टेशनसमोरच्या बर्मा बझारात मिळायची. आमच्या गावात सायकलच्या दुकानात. तो शब्द इतका रुळला होता की लग्नाची कॅसेट विसीडीवर करून आणली तरी आजी विचारायची, "तिरुट्टु का?"

२००४ मध्ये जयललितांच्या सरकारने व्हिडिओ चोरांना गुंडा कायद्यात घातलं. दारू गाळणारे, झोपडपट्टी बळकावणारे, त्यांच्या रांगेत विसीडीवाला. खटल्याशिवाय वर्षभर आत. तरी दुकानं चालू राहिली.

सिनेमावाल्यांनीही वाटा शोधल्या. कमल हासन यांनी २०१३ मध्ये 'विश्वरूपम' थिएटरच्या आधी डीटीएचवर दाखवायचं ठरवलं. थिएटरमालक बिथरले, बेत मागे घ्यावा लागला. दिग्दर्शक चेरन यांनी २०१५ मध्ये आपला सिनेमा सरळ डीव्हीडीवर घरोघरी पोचवायची योजना काढली. मी विकत घेतली होती. शेजाऱ्याने मागून नेली, परत दिली नाही. आता याला काय म्हणायचं?

कोकणकडा | ७:५५

शेजारधर्म.

आणि काका, रात्रीच्या रजनीवाल्या कोटीबद्दल सॉरी. गुंडा कायदा मात्र जरा अतीच. आपल्याकडे असलं काही नाही.

वकीलसाहेबा | ९:०५

आहे. झोपडपट्टी दादा, हातभट्टीवाले वगैरेंसाठीचा आपला १९८१ चा एमपीडीए कायदा; त्यात २००९ मध्ये व्हिडिओ पायरेट्स घातले. तेव्हा नाक मुरडू नका.

आता कोर्टांचं. आपल्या सगळ्यांना ठाऊक असलेलं 'कोलावेरी' गाणं ज्या सिनेमातलं, तो '३', २०१२ चा. त्याच्या निर्मात्यांनी मद्रास उच्च न्यायालयातून अज्ञात व्यक्तींविरुद्ध मनाई हुकूम आणला. मे महिन्यात इंटरनेट कंपन्यांनी तो असा राबवला की व्हिमिओ, डेलीमोशनसारख्या व्हिडिओच्या अख्ख्या साइटी देशात बऱ्याच ठिकाणी बंद. लोक खवळले. जूनमध्ये कोर्टाने खुलासा केला की बंदी ठराविक पत्त्यांपुरती, अख्ख्या साइटीवर नाही.

ही सावधगिरी फार टिकली नाही. नोव्हेंबर २०१८ मध्ये रजनीच्या '२.०' या सिनेमासाठी त्याच कोर्टाने साडेबारा हजारांहून जास्त वेबसाइटी रोखायला सांगितल्या, त्यातल्या दोन हजारांवर एकट्या तमिळरॉकर्सच्या नावाच्या! एका साइटीची दोन हजार नावं. अक्षर बदललं, शेवटचं डॉट-काहीतरी बदललं की नवीन. म्हणून एप्रिल २०१९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने 'डायनॅमिक' मनाई आणली, म्हणजे प्रतिकृती निघाली की नवा दावा नको, त्याच हुकुमात नाव वाढवायचं.

आपलं मुंबई उच्च न्यायालय वेगळं वागलं होतं, याचा मला व्यावसायिक अभिमान आहे. २०१६ मध्ये 'ढिशूम'च्या वेळी न्या. गौतम पटेल यांनी सरसकट बंदी नाकारली. एकेक लिंक तपासा, शपथेवर सांगा, मग बघू. निर्मात्यांना ते आवडलं नसणार, पण एखादा निष्पाप ब्लॉग बंद पडण्यापेक्षा ते बरं.

अवांतर: अशा अज्ञात प्रतिवादीला परदेशात 'जॉन डो' म्हणतात. आपल्याकडे त्याचं नाव अशोक कुमार.

रिकामटेकडी | ९:११

दादामुनी???

जुना_प्रोजेक्टर | ९:१४

सिनेमाच्या चोरीत आरोपी अशोक कुमार! वकीलसाहेबा, दिवस सार्थकी लागला.

तुरटी | ९:४०

चोरीचं खरं कारण कुणी बोलत नाही. तिकीट साडेतीनशे, पॉपकॉर्न चारशे. माणूस चोरी नाही करणार तर काय?

शेवगा | १०:०२

तुरटी, हे गणित मुंबईचं. तमिळनाडूत तिकिटाची कमाल किंमत सरकार ठरवतं, आणि ती तुमच्या आकड्याच्या निम्म्याच्या आसपास. पहिल्या दिवशी काळाबाजार होतो हे खरं. तरी चोरी इथेच फोफावली. महाग तिकीट एवढंच कारण असतं तर उलटं व्हायला हवं होतं.

पहिल्या दिवसाची घाई हे मला मोठं कारण वाटतं. इथे पहाटे चारचे, कधी एकचे खेळ असायचे. कटआउटला दुधाचा अभिषेक, फटाके, आणि सहा वाजता शेवटचा प्रसंग सगळ्यांच्या फोनवर. जानेवारी २०२३ मध्ये 'तुणिवु'च्या वेळी एक चाहता चालत्या लॉरीवरून पडून गेला. त्यानंतर पहाटेचे खेळ थांबले, पहिला खेळ नऊला. पण शेजारच्या केरळात त्याआधीच सुरू होतो. मग नऊपर्यंत दम कुणाला?

टोरांटोची_ठमी | १०:३८

आमच्याकडे तर गुरुवारीच लागतो.

'तमिळ' म्हटलं की सगळे तमिळनाडूच धरतायत. टोरांटोतल्या माझ्या स्कारबरोमध्ये श्रीलंकेतून आलेले तमिळ प्रचंड. पूर्वी किराणा दुकानात तांदळाच्या पोत्याशेजारी डीव्हीडीचा फळा असायचा, पाच डॉलरला तीन सिनेमे. कायदेशीर होत्या का, हे मी कधी विचारलं नाही. आमच्या मराठी मंडळात सिनेमा दाखवायचा तेव्हा तरी कुठे विचारायचो?

थिएटरं आहेत, तमिळ सिनेमे लागतातही, पण वितरकांची भांडणं वेगळीच. जानेवारी २०२४ मध्ये टोरांटोच्या आसपासच्या काही थिएटरांवर रात्री गोळ्या झाडल्या, एका मल्याळम सिनेमाच्या प्रदर्शनाच्या वेळी. साखळीने तो सिनेमा उतरवला. तिकीट काढलेल्यांनी मग कुठे बघितला असेल?

माटुंगा_रोड | ११:०५

हे तर मुंबईतही होतं, गोळ्यांशिवाय. ऑक्टोबर २०२३, 'लिओ'. हिंदी आवृत्ती मोठ्या मल्टिप्लेक्स साखळ्यांनी लावलीच नाही. कारण हिंदीला थिएटर ते ओटीटी आठ आठवड्यांचं अंतर हवं होतं, तमिळवाले तेव्हा चारच द्यायचे. माझ्या हिंदीभाषक सहकाऱ्याला तमिळ आवृत्तीला न्यायचं म्हटलं तर म्हणाला, "डब दे दो कहीं से." मी दिला नाही. दुसऱ्या दिवशी त्याने मला शेवट सांगितला.

माटुंग्याच्या ऑरोरा थिएटरात रजनीचा सिनेमा बघत मोठा झालोय. भाषा न येणारे गुजराती दुकानदारही शिट्ट्या मारायचे. तेव्हा डबची गरज कुणाला नव्हती.

कोकणकडा | ११:२०

डबवरून आठवलं, यूट्यूबवर तमिळ सिनेमे फुकट आणि कायदेशीर मिळतात की हिंदीत. 'डेंजरस खिलाडी', 'मेरी जंग'...

शेवगा | ११:२३

दोन्ही तेलुगू आहेत. पहिला 'जुलायी', दुसरा 'मास'.

कोकणकडा | ११:२४

तेच ते.

तंजावरकर | ११:३१

तेच ते नाही हो. :( तुम्हाला कुणी 'मराठी की गुजराती, तेच ते' म्हटलं तर?

कोकणकडा | ११:३३

शब्द मागे. दंडवत.

डिजिटल_हमाल | ११:४५

पण कोकणकड्यांच्या चुकीत मुद्दा आहे. डब करताना नाव असं बदलतात की मूळ भाषा कळूच नये. उत्तरेत सगळं 'साऊथ'. आणि साऊथला शोधायचं म्हटलं की हाताला पहिला शब्द लागतो 'तमिळ'. तेलुगू सिनेमा शोधतानाही लोक 'तमिळ' टाकायचे, मी आकडे रोज बघत होतो.

जुना_प्रोजेक्टर | दुपारी १:१५

तालुक्याच्या गावी थिएटर चालवतो, म्हणून या बाजूचं सांगतो. हल्ली रीळ नसतं. सिनेमा कुलूपबंद येतो, किल्ली वेगळी, ठराविक दिवसांपुरती. आणि चित्रात डोळ्यांना न दिसणारी खूण असते. चोरीची प्रत सापडली की त्या खुणेवरून कुठलं थिएटर, कुठला खेळ, ते कळतं. या धंद्यातली एक मोठी कंपनी, क्यूब, चेन्नईचीच.

ऑक्टोबर २०१८ मध्ये तमिळ निर्मात्यांच्या मंडळाने अशाच पद्धतीने सापडलेल्या दहा थिएटरांना नवे सिनेमे न द्यायचं ठरवलं. तेव्हा अध्यक्ष होते अभिनेते विशाल, चोरीविरुद्ध लढतो असं सांगूनच निवडून आलेले. आमच्या व्हॉट्सअ‍ॅप गटात त्या दिवशी सन्नाटा होता. चोरी करणारा प्रेक्षक, की मालक, की ऑपरेटर, हे कोण ठरवणार? मी तेव्हापासून शेवटच्या रांगेत रोज स्वतः चक्कर मारतो.

जुलै २०२४ मध्ये तिरुवनंतपुरमच्या थिएटरात एकाला 'रायन'चं चित्रीकरण करताना पकडलं. पोलीस म्हणाले तमिळरॉकर्सशी संबंधित. त्याच वर्षी ऑक्टोबरात 'एआरएम' या मल्याळम सिनेमाच्या चोरीत दोघे बेंगळुरूत सापडले. चित्रीकरण कोइमतूरच्या थिएटरात झालेलं. सिनेमा केरळचा, खुर्ची तमिळनाडूची, अटक कर्नाटकात.

वकीलसाहेबा | १:३२

पुरवणी: सिनेमॅटोग्राफ कायद्याच्या २०२३ च्या दुरुस्तीनंतर थिएटरात असं चित्रीकरण केलं तर कमीत कमी तीन महिने आणि तीन लाख, जास्तीत जास्त तीन वर्षं आणि निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत दंड. दोनशे कोटींचा सिनेमा असेल तर दहा कोटी. शेवटच्या रांगेत ही पाटी लावा.

तुरटी | १:५०

एवढे कायदे असून 'सैराट' आमच्या स्टँडवरच्या मोबाईल दुकानात मेमरी कार्डात भरून मिळत होता. वीस रुपये. मी घेतला होता. मग थिएटरात जाऊन दोनदा बघितला, ते वेगळं.

रिकामटेकडी | १:५२

तुरटी पण विरघळली!

बुचकळ्या | संध्याकाळी ६:२०

सगळ्यांचे आभार. शेवगा, डिजिटल_हमाल, तुमचे प्रतिसाद बाबांना मोठ्याने वाचून दाखवले. तंजावरकर काकांचा वाचल्यावर ते जरा गप्प झाले. म्हणाले, "मी उगाच त्यांचं नाव घेतलं."

फोनचं सांगतो, कुणाला उपयोग होईल. व्हायरस नव्हताच. ब्राउझरच्या सेटिंगमध्ये नोटिफिकेशनच्या यादीत सहा अनोळखी साइटींना परवानगी गेली होती, ती काढल्यावर रमी बंद. एक एपीके उतरली होती पण बाबांना ती उघडता आली नव्हती, म्हणून वाचलो.

आणि तो सिनेमा आमच्याच टीव्हीवर, ज्याचे पैसे मी दर महिन्याला भरतो त्या अ‍ॅपमध्ये, दोन महिने पडून होता.

डिजिटल_हमाल | ६:३४

नेहमी असंच निघतं. बाबांना सांगा, नावापुढे 'फुल मूव्ही' किंवा 'डाउनलोड' टाकायचंच नाही. आधी टीव्हीतल्या अ‍ॅपमध्ये नाव शोधायचं.

एक काळजी मात्र आहे. या धाग्यात आपण 'फुल मूव्ही', 'डाउनलोड' आणि त्या साइटीचं नाव इतक्या वेळा लिहिलंय की आता हाही शोधात वर येणार.

नवीनसदस्य_४४७१ | सोमवार, पहाटे २:०७

सर मूव्ही कुठे आहे? बटण दिसत नाही. लिंक द्या प्लीज.

रिकामटेकडी | सकाळी ८:०२

बुचकळ्या, घरी बघा हो जरा.

बुचकळ्या | ८:१५

बाबा नाहीत. विचारून आलो.